तोतया ओळखा, डाव जिंका!

दोस्तांनो, राजा-राणी-चोर-शिपाई हा चिठ्ठ्यांचा खेळ तुम्ही नक्कीच खेळला असाल. वहीचं एक पान फाडायचं, चार चिठ्ठ्या करायच्या, घड्या घालून मधोमध टाकायच्या आणि ज्याच्या हाती शिपाई येईल त्याने चोर ओळखायचा. चोर झालेला भिडू मग उगाचच छताकडे बघतो, राणी मुद्दाम घाबरल्याचं सोंग करते आणि शिपायाची होते पंचाईत! नेमका चुकीच्या माणसाकडे बोट दाखवून तो गुण घालवून बसतो.

आता विचार करा, याच खेळात चारऐवजी दहा-पंधरा भिडू असले तर? चोराला इतरांना एकेक करून बाद करता आलं तर? आणि शिपाई एकटा न राहता सगळ्यांनीच मतदान करून चोर ठरवायचा असला तर? असा खेळ खरोखरच आहे आणि तुमच्यातल्या बऱ्याच जणांनी तो मोबाईलवर खेळलेलाही असेल. त्याचं नाव 'अमंग अस', म्हणजे 'आपल्यातलाच एक'.

"आम्हाला माहितीये हो, पण दरवेळी आम्हीच हरतो!" असं म्हणताय? मग हा लेख तुमच्यासाठीच आहे. आणि आई-बाबांनो, "हा काय खोटं बोलायला शिकवणारा खेळ!" असं तुम्हाला वाटत असेल, तर तुम्हीही शेवटपर्यंत वाचा. तुमच्यासाठीही दोन शब्द राखून ठेवले आहेत.

मॉस्कोपासून अंतराळापर्यंत

आधी या खेळाची कुळकथा. १९८६ च्या सुमारास मॉस्कोच्या विद्यापीठात दिमित्री डेव्हिडॉफ नावाचा मानसशास्त्राचा विद्यार्थी होता. त्याने 'माफिया' नावाचा एक खेळ तयार केला. त्याला ना पट लागत होता ना सोंगट्या. गोल करून बसायचं, काही जण गुपचूप 'माफिया' व्हायचे आणि बाकीच्यांनी बोलून, प्रश्न विचारून त्यांना हुडकायचं. हा खेळ एका वसतिगृहातून दुसऱ्यात, एका देशातून दुसऱ्या देशात असा पसरत गेला. १९९७ मध्ये अँड्र्यू प्लॉटकिन या अमेरिकन माणसाने माफियाच्या जागी रात्री लांडगा होणारा माणूस आणला आणि तोच खेळ 'वेअरवुल्फ' म्हणून गाजला.

मग आली २०१८ ची गोष्ट. 'इनरस्लॉथ' या छोट्याशा अमेरिकन कंपनीने माफियाचा खेळ अंतराळयानात नेला आणि 'अमंग अस' तयार झाला. तो बनवणारी माणसं किती, माहीत आहे? अवघी तीन! सुरुवातीला त्याकडे कुणी फारसं पाहिलंही नाही. २०२० मध्ये करोनामुळे सगळं जग घरात अडकलं, मित्रांना भेटता येईना आणि दोन वर्षांपूर्वीचा हा खेळ एकाएकी जगभर पोचला. इतका, की कंपनीने दुसरा भाग काढायचा बेत रद्द केला आणि पहिलाच खेळ सुधारायला घेतला. आधी एका डावात जास्तीत जास्त १० भिडू असत, २०२१ पासून १५ जणांना खेळता येऊ लागलं.

या सगळ्या खेळांचं मर्म एकच आहे, ते नीट लक्षात ठेवा. एका बाजूला थोडेच जण असतात, पण त्यांना सगळं माहीत असतं. दुसऱ्या बाजूला पुष्कळ जण असतात, पण त्यांना काहीच माहीत नसतं. माहिती विरुद्ध संख्या! ज्यांच्याकडे संख्या आहे त्यांनी माहिती मिळवायची आणि ज्यांच्याकडे माहिती आहे त्यांनी ती लपवायची. पुढच्या सगळ्या युक्त्या यातूनच निघतात.

थोडक्यात नियम

ज्यांना खेळ ठाऊक नाही त्यांच्यासाठी चार ओळी. यानातले बहुतेक भिडू 'क्रूमेट', म्हणजे यानाचे कर्मचारी. एक, दोन किंवा तीन जण 'इम्पोस्टर'. आपण त्यांना तोतये म्हणू. क्रूमेटनी वायर जोडणं, कचरा बाहेर टाकणं, कार्ड सरकवणं अशी कामं संपवायची. तोतयांनी एकेकाला गाठून बाद करायचं. बाद झालेला भिडू कुणाला दिसला की तो वर्दी देतो आणि बैठक भरते. उपाहारगृहातलं बटण दाबूनही बैठक बोलावता येते. बैठकीत चर्चा होते आणि मत पडतं. ज्याला सर्वाधिक मतं तो यानाबाहेर! मतं समान पडली तर कुणीच जात नाही.

सगळी कामं संपली किंवा सगळे तोतये बाहेर गेले, की क्रूमेट जिंकले. तोतयांची संख्या क्रूमेटएवढी झाली, की तोतये जिंकले. आहे की नाही सोपं?

तुम्ही क्रूमेट असाल तर

पहिली युक्ती : काम सोडू नका. बरेच जण तोतया शोधण्याच्या नादात कामच करत नाहीत. पण सगळी कामं संपली की एकही तोतया न पकडता डाव जिंकता येतो! आणि बाद झालात म्हणून रुसून बसू नका. बाद झालेला क्रूमेट भूत होऊन आपली कामं पुरी करू शकतो आणि ती धरलीही जातात. भुतांनी हातपाय गाळले म्हणून हरलेले डाव पुष्कळ असतात, बरं का!

दुसरी युक्ती : नकाशा पाठ करा. 'द स्केल्ड' या मूळ यानात १४ खोल्या आहेत. कोणती खोली कशाला लागून आहे, हे झोपेतून उठवून विचारलं तरी सांगता आलं पाहिजे. तोतयांना जमिनीतल्या झरोक्यांमधून, म्हणजे 'व्हेंट'मधून, एका खोलीतून दुसरीत जाता येतं. पण कुठूनही कुठेही नाही! स्केल्डवर मेडबे, इलेक्ट्रिकल आणि सिक्युरिटी या तीन खोल्यांचे झरोके एकमेकांना जोडलेले आहेत. तेव्हा इलेक्ट्रिकलमध्ये कुणी बाद झालं आणि क्षणात एखादा भिडू मेडबेतून शांतपणे बाहेर पडला, तर "तो तर लांब होता" असं म्हणून त्याला सोडून देऊ नका.

तिसरी युक्ती : डोळे उघडे ठेवा. सिक्युरिटीत कॅमेरे आहेत. कुणी त्यातून पाहत असेल तर कॅमेऱ्याचा लाल दिवा लुकलुकतो, म्हणजे तोतयालाही पाहणारा आहे हे कळतं. ॲडमिनच्या टेबलावर कोणत्या खोलीत किती जण आहेत ते दिसतं, पण कोण आहेत ते दिसत नाही. कामाच्या पट्टीकडेही लक्ष ठेवा. ती चालू ठेवलेली असेल, तर कुणी काम पुरं केलं की ती पुढे सरकते. एखादा 'काम' करून निघाला आणि पट्टी जागची हलली नाही, तर मनात नोंद करा. मात्र काही कामं दोन-तीन टप्प्यांची असतात आणि ती पुरी झाल्याशिवाय पट्टी हलत नाही. म्हणून तेवढ्यावर कुणाला फासावर चढवू नका!

चौथी युक्ती : पुरावा देता येईल असं काम कुणासमोर तरी करा. मेडबेमधला स्कॅन, उल्का फोडणं अशी काही कामं करताना ती बाकीच्यांना प्रत्यक्ष दिसतात. तोतयाला ती जमत नाहीत. डाव मांडताना ही सोय चालू ठेवली असेल, तर असं काम करताना एक साक्षीदार जवळ ठेवा. मग तुम्ही शंभर टक्के निर्दोष!

पाचवी युक्ती : दोघांपेक्षा तिघं बरे. दोघेच हिंडत असाल आणि दुसरा तोतया निघाला तर ओरडायलाही कुणी नाही. तिघांत एकच तोतया असेल तर त्याने एकाला बाद करताच दुसरा पाहतो. पण सगळे जण कायम घोळक्यातच फिरले तर कामं कधी व्हायची? म्हणून लांबच्या, आडोशाच्या खोल्यांत तिघांनी जा आणि वर्दळीच्या खोल्यांत एकट्याने उरका.

बैठकीत काय बोलाल?

खरा डाव इथेच जिंकला किंवा हरला जातो. बैठक सुरू झाली की काय होतं? "लाल आहे, लाल! मला माहितीये!" असा गलका. कुणी विचारत नाही की लाल का? मग लालही ओरडतो, "मी नाही, पिवळा आहे!" आणि वेळ संपतो. तोतया मात्र कोपऱ्यात बसून गालातल्या गालात हसत असतो.

तुम्ही फक्त तीन प्रश्न विचारा. कुठे? केव्हा? कोणाबरोबर? भिडू कुठे बाद झालेला सापडला? त्याला शेवटचं जिवंत कुणी पाहिलं आणि केव्हा? त्या वेळी प्रत्येक जण कुठे आणि कोणाबरोबर होता? आपलं स्वतःचं उत्तर आधी तयार ठेवा. "मी स्टोरेजमधून ॲडमिनकडे गेलो, वाटेत हिरवा दिसला" हे एक वाक्य "मी नाही, मी नाही" असं दहा वेळा ओरडण्यापेक्षा मोलाचं आहे.

आणखी एक. वर्दी देणाऱ्यावरच झडप घालायची सवय सोडा. तोतयाही कधी कधी स्वतःच वर्दी देतो हे खरं, पण दरवेळी वर्दी देणाऱ्यालाच बाहेर काढलंत तर पुढच्या डावात कुणी वर्दीच देणार नाही.

पुराव्याची पारखही शिका. कुणी झरोक्यातून येताना दिसला तर तो तोतया, असं पूर्वी छातीठोक सांगता यायचं. पण नोव्हेंबर २०२१ मध्ये खेळात नव्या भूमिका आल्या. त्यातला 'इंजिनिअर' हा क्रूमेट असूनही झरोक्यातून जाऊ शकतो. 'शेपशिफ्टर' नावाचा तोतया तर थोडा वेळ दुसऱ्याचंच रूप घेतो. म्हणजे 'मी डोळ्यांनी पाहिलं' हेसुद्धा दरवेळी खरं नसतं! डाव सुरू होण्याआधी कोणत्या भूमिका चालू आहेत ते बघून घ्या.

डोकं चालवा!
पाच भिडू उरलेत आणि त्यांत तोतया फक्त एक. क्रूमेट खोटं बोलत नाहीत असं धरा. काळा भिडू इलेक्ट्रिकलमध्ये बाद झालेला सापडला. बैठकीत काय झालं पाहा.
लाल : मी आणि निळा सगळा वेळ नेव्हिगेशनमध्ये बरोबर होतो.
निळा : हो, लाल माझ्याबरोबरच होता.
पिवळा : मी मेडबेमध्ये स्कॅन करत होतो.
हिरवा : पिवळ्याचा स्कॅन मी पाहिला. मग इलेक्ट्रिकलला गेलो तर काळा बाद झालेला दिसला.
पांढरा : मी ॲडमिनमध्ये होतो. टेबलावर बघत होतो, नेव्हिगेशनमध्ये सगळा वेळ एकच माणूस होता.
तोतया कोण? लगेच खाली उत्तर बघू नका, आधी कागद-पेन्सिल घ्या!

थोडं गणित हवंच

"शी, इथेही गणित?" हो, आणि तेच तुम्हाला जिंकवेल. समजा भिडू १० आणि तोतये २. पहिल्या बैठकीपर्यंत एक क्रूमेट बाद झाला. उरले ७ क्रूमेट आणि २ तोतये. तुम्ही चुकीच्या माणसाला बाहेर काढलंत, ६ आणि २. पुन्हा एक बाद, ५ आणि २. पुन्हा चुकीचा माणूस बाहेर, ४ आणि २. आणखी एक बाद, ३ आणि २. तिसरी चूक केलीत की २ आणि २. संपला डाव! म्हणजे दहा जणांच्या डावात तुम्हाला फक्त दोन चुका परवडतात. तिसरी चूक म्हणजे हार. आता सांगा, पहिल्याच बैठकीत "चला, कुणाला तरी काढू या" असं म्हणणं शहाणपणाचं आहे का?

मत न देण्यासाठी 'स्किप'चं बटण असतं. ते केव्हा दाबायचं? समजा चौघे उरलेत आणि त्यांत तोतया एक आहे. चुकीच्या माणसाला काढलंत तर तिघे उरतील, तोतया एकाला बाद करील आणि एकास एक होऊन तुम्ही हराल. त्याऐवजी स्किप केलंत, तर तोतयाने एकाला बाद केलं तरी तिघे उरतील आणि एक मत हातात राहील. तुमच्या दृष्टीने संशयित आता तीनऐवजी दोनच! म्हणून ठोस पुरावा नसेल तर चौघांत स्किप करा. मात्र त्यानंतर पांगू नका, नाहीतर तोतया पुढची बैठक होऊच देणार नाही. आणि तिघे उरले की स्किप चालत नाही. तिथे मत द्यायलाच हवं, कारण ती शेवटची संधी.

तुम्हीच तोतया झालात तर

हा शब्द आपल्या इतिहासातला आहे. १७६१ च्या पानिपतच्या लढाईत सदाशिवरावभाऊ पडले. पुढे एक माणूस "मीच भाऊसाहेब" असं सांगत आला. तो तोतया असल्याचं ठरवून त्याला कैदेत टाकलं, तरी १७७६ मध्ये तो बाहेर पडला आणि कोकणात त्याने मोठं बंड माजवलं. त्याच वर्षी ते मोडलं आणि त्याला देहदंड झाला. इतकी माणसं त्याच्यामागे का गेली? एक कारण असं, की भाऊसाहेब जिवंत असावेत असं अनेकांना मनापासून वाटत होतं. माणसाला जे हवं असतं त्यावर त्याचा पटकन विश्वास बसतो. खेळातल्या तोतयाचं बळही यातच आहे.

तर तोतया झालात की पहिला नियम : शक्य तेवढं खरंच बोला. नवशिका तोतया सगळीच गोष्ट रचून सांगतो आणि दुसऱ्या प्रश्नाला अडकतो. हुशार तोतया खरोखर ज्या खोल्यांत गेला त्याच सांगतो, फक्त एक खोली गाळतो.

दुसरा नियम : सोंग वठवायचं तर पूर्ण वठवा. कामाच्या जागी उभं राहा, ते काम करायला जेवढा वेळ लागतो तेवढाच थांबा. सेकंदात होणाऱ्या कामापाशी अर्धा मिनिट रेंगाळलात की पकडले गेलात. आणि जे काम सगळ्यांना दिसतं त्याचं सोंग करूच नका.

तिसरा नियम : बिघाड विचार करून करा. दिवे घालवलेत तर क्रूमेटना जवळचंच दिसतं, तुम्हाला मात्र सगळं स्वच्छ दिसतं. संपर्क यंत्रणा बिघडवलीत तर कॅमेरे आणि ॲडमिनचं टेबल बंद पडतं. रिॲक्टर बिघडला तर दोघांना दोन टोकांना एकाच वेळी हात टेकवावा लागतो आणि स्केल्डवरचा ऑक्सिजन गेला तर दोन वेगवेगळ्या खोल्यांत आकडे दाबावे लागतात. म्हणजे सगळे कुठे धावतील हे तुम्हाला आधीच ठाऊक! मग घाई कसली?

चौथा नियम : जोडीदार तोतयाला वाचवायला जीव टाकू नका. पुरावा पक्का असेल तर तुम्हीही त्याच्याविरुद्ध मत द्या. त्याला वाईट वाटेल खरं, पण पुढच्या बैठकीत सगळे तुमच्यावर विश्वास ठेवतील.

पाचवा नियम : सगळ्यात मोठ्याने ओरडू नका आणि अगदी गप्पही बसू नका. नेहमी जसे खेळता तसेच खेळा. तोतया झाल्यावरच तुम्ही एकदम शांत होत असाल, तर मित्र दोन डावांत ते ओळखतील.

चेहरा बघून खोटं कळतं का?

"तो माझ्या नजरेला नजर देत नव्हता, म्हणजे तोच!" असं आपण किती सहज म्हणतो! पण खरंच असं ओळखता येतं का? चार्ल्स बाँड आणि बेला डिपॉलो या अमेरिकन मानसशास्त्रज्ञांनी खोटं ओळखण्याबद्दलचे पुष्कळ जुने प्रयोग एकत्र तपासले आणि २००६ मध्ये निष्कर्ष मांडला. त्या प्रयोगांत भाग घेतलेल्यांची संख्या २४ हजारांहून जास्त होती. त्यांनी खरं-खोटं सरासरी किती वेळा बरोबर ओळखलं असेल? शंभरातून अवघ्या ५४ वेळा! डोळे मिटून नाणं उडवलं तरी पन्नास वेळा बरोबर येतं. म्हणजे आपला 'मला चेहऱ्यावरून कळतं' हा अभिमान जेमतेम चार गुणांचा आहे!

दुसरा प्रयोग तर याहून विचार करायला लावणारा. १९५१ मध्ये सॉलोमन ॲश या मानसशास्त्रज्ञाने काही जणांना रेषा दाखवल्या आणि कोणती रेषा ठरावीक रेषेएवढी आहे ते विचारलं. उत्तर अगदी सोपं होतं. पण गंमत अशी, की एक जण सोडून बाकीचे सगळे आधीच ॲशला सामील होते आणि मुद्दाम चुकीचं उत्तर देत होते. त्या बिचाऱ्या एकट्याने काय केलं असेल? अशा एकट्या माणसांपैकी सुमारे तीन चतुर्थांश जणांनी निदान एकदा तरी घोळक्याचं चुकीचं उत्तरच दिलं. डोळ्यांना बरोबर रेषा दिसत असूनही! पण त्या घोळक्यात बरोबर उत्तर देणारा आणखी एकच माणूस ठेवला, तर घोळक्यामागे जाण्याचं प्रमाण पुष्कळच कमी झालं.

आता आपल्या खेळाकडे या. बैठकीत कुणीतरी म्हणतं, "निळा गप्प आहे, तोच असणार." दुसरा म्हणतो, "हो हो, निळाच." पाच मतं पडतात आणि निळा बाहेर. नंतर कळतं, निळा क्रूमेटच होता. तो गप्प का होता? कदाचित त्याला टाईप करायला वेळ लागत असेल. कदाचित तो स्वभावानेच लाजाळू असेल. कदाचित पहिल्यांदाच खेळत असेल. गप्प असणं हा काही गुन्हा नाही आणि पुरावा तर नाहीच नाही.

दोस्तांनो, ही नुसती खेळातली गोष्ट नाही. वर्गात कुणाची कंपासपेटी हरवते. कुणीतरी म्हणतं, "तो मधल्या सुट्टीत वर्गातच होता." तेवढ्यावर सगळा वर्ग त्याच्याकडे बघू लागतो. त्या मुलाला यानाबाहेर नाही काढत कुणी, पण दुसऱ्या दिवसापासून त्याच्या बाकावर कुणी बसत नाही. खेळात पुढच्या डावाला निळा परत येतो. वर्गातल्या त्या मुलाचे ते दिवस परत येत नाहीत. अशा वेळी "कुठे? केव्हा? कोणाबरोबर? कुणी पाहिलं?" असं शांतपणे विचारणारा एक जण पुरतो. ॲशच्या प्रयोगातला तो दुसरा माणूस आठवा. तो तुम्ही व्हा!

आई-बाबांसाठी दोन शब्द

आता तुमची शंका. हा खेळ मुलांना खोटं बोलायला शिकवतो का? जरा चिठ्ठ्यांचा खेळ आठवा. चोराची चिठ्ठी आली की तुम्हीही निष्पाप चेहरा करून बसत होतात ना? इथे सगळ्यांना आधीच माहीत असतं, की कुणीतरी सोंग करणार आहे. सगळ्यांनी मान्य केलेलं सोंग म्हणजे फसवणूक नव्हे, तो खेळ. खेळ संपला की सोंगही संपतं. ही सीमारेषा मुलांशी बोलून स्पष्ट केलीत, तर खऱ्या आणि खोट्यातला फरक त्यांना उलट जास्त चांगला कळेल.

मात्र काळजी घेण्याच्या गोष्टी आहेत. खेळात भिडू बाद होतो ते दृश्य व्यंगचित्रासारखं असलं तरी मारामारीचंच असतं. अमेरिकेतल्या मानांकन संस्थेने हा खेळ १० वर्षांपुढच्या मुलांसाठी योग्य ठरवला आहे, तेव्हा धाकट्यांना घाई करू नका. दुसरं, अनोळखी लोकांच्या डावात शिरण्यापेक्षा मुलांना खासगी डाव मांडायला सांगा. त्याचा संकेतशब्द फक्त ओळखीच्या मित्रांना द्यायचा. खेळात तयार वाक्यं निवडून बोलायची सोय आहे, लहान मुलांसाठी तीच बरी.

आणि मुलांनो, हे तुमच्यासाठी. खेळताना खरं नाव, शाळा, पत्ता, फोन नंबर, फोटो कुणालाही द्यायचा नाही. 'फुकट टोप्या देतो, ही फाईल उतरवून घे' असं कुणी म्हटलं तर तो खेळाबाहेरचा खराखुरा तोतया समजा आणि लगेच मोठ्यांना सांगा. इथे पुराव्याची वाट बघायची नाही!

तीन गोष्टी कधीच करू नका. बाद झाल्यावर जिवंत मित्राच्या कानात "लाल होता रे" असं सांगणं, शेजारच्याच्या मोबाईलमध्ये डोकावणं आणि हरलं की मध्येच डाव सोडून जाणं. यालाच आपण रडीचा डाव म्हणतो. अशाने जिंकलात तरी ते जिंकणं कसलं?

मोबाईल नसला तरी

मोबाईल नाही? काही बिघडत नाही! डेव्हिडॉफचे मित्र तरी कुठे मोबाईलवर खेळत होते? सुट्टीत सात-आठ जण जमलात की चिठ्ठ्या करा. दोन चिठ्ठ्यांवर 'तोतया', बाकीच्यांवर 'गावकरी'. एक जण सूत्रधार. तो म्हणेल, "रात्र झाली, डोळे मिटा." मग फक्त तोतये डोळे उघडतील, खुणेने एकाला निवडतील आणि पुन्हा मिटतील. "सकाळ झाली" म्हटलं की सूत्रधार बाद झालेल्याचं नाव सांगेल. मग चर्चा, मग हात वर करून मतदान. धाकट्या भावंडांना कच्चा लिंबू न करता सूत्रधार करा, बघा किती खूश होतात! आजी-आजोबांनाही बसवा. आजी तोतया झाली तर शेवटपर्यंत कुणाला संशय येणार नाही!

कोड्याचं उत्तर : तोतया पांढरा. पांढरा खरं बोलतोय असं धरलं, तर लाल आणि निळा दोघेही खोटं बोलतायत असं होईल. पण तोतया तर एकच आहे, मग खोटं बोलणारे दोन कसे? म्हणून पांढराच खोटारडा. बरोबर आलं? शाबास! आता पुढच्या बैठकीत गलका सुरू झाला, की आधी गप्प राहा, तीन प्रश्न विचारा आणि मगच मत द्या. चला, चिठ्ठ्या टाका!